एरंडेल पिऊन कोलोनोस्कोपीची तयारी होत नाही

आमच्या भागातल्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपांवर कोलोनोस्कोपीबद्दल, म्हणजे मोठ्या आतड्याच्या दुर्बिणीनं होणाऱ्या तपासणीबद्दल, एक मेसेज फिरतोय: 'कोलोनोस्कोपीआधी दवाखान्यातली पावडर पिऊ नका, किडनी जाते. आदल्या दिवशी उपवास धरा, रात्री एरंडेल आणि इसबगोल घ्या, पोट एका रात्रीत साफ.'

आधी किडनीचं. ही भीती अगदीच हवेतली नाही. पोट साफ करायच्या सोडियम फॉस्फेटच्या औषधानं काहींच्या किडनीला इजा झाली होती, आणि २००८ मध्ये अमेरिकेच्या औषध प्रशासनानं तसा इशाराही दिला होता. पण आपल्याकडे सहसा मिळते ती पॉलिएथिलीन ग्लायकॉलची पावडर. ती रक्तात जवळपास शिरतच नाही, पाणी आतड्यातच धरून ठेवते, आणि तिच्यातले क्षार अंगातल्या क्षारांचा तोल राखतात. दोन लिटर ते खारट पाणी नकोसं होतं, हे मान्य. गार करून घोट-घोट प्यायलं की जातं. किडनीचा किंवा हृदयाचा आजार असेल तर डॉक्टरांना आधीच सांगा.

उपवासाचं वाचून तर हसूच आलं. आपला उपवास म्हणजे कूट घातलेली साबुदाण्याची उसळ, वर पेरूची फोड! दाण्याचे कण आणि पेरूच्या बिया नेमक्या दुर्बिणीच्या तोंडाशी येतात. ज्वारीची भाकर, पालेभाजी, जवसाची चटणी दोन-तीन दिवस आधीच थांबवायची. मऊ भात, दही चालतं. आदल्या दिवशी बिनदुधाचा चहा, गाळलेलं लिंबूपाणी, नारळपाणी. लाल सरबत नको, आत ते रक्तासारखं दिसतं.

एरंडेलनं मुरडा येतो, जुलाबही होतात, पण तेवढ्यानं आतडं साफ होईलच असं नाही. आणि इसबगोल? तो फुगून चिकट गर होतो, म्हणजे उलटंच काम. संडास लघवीसारखी पिवळसर, बिनगाळाची झाली की समजायचं तयारी झाली. गाळ राहिला तर बारीक गाठ त्याखाली दडते, आणि तपासणी पुन्हा करावी लागते.

'रात्रीत साफ' हेही चूक. अर्धं औषध संध्याकाळी, उरलेलं तपासणीच्या चार-सहा तास आधी. कारण रात्रभरात वरून पाझरलेला रस मोठ्या आतड्याच्या सुरुवातीला पुन्हा थर धरतो. आता नागपुरात सकाळी नऊची वेळ मिळाली, तर गावात पहाटे चारला लिटरभर पिऊन एसटीत बसणार कसं? आदल्या दिवशीच नागपुरातल्या नातेवाइकाकडे मुक्काम करा, किंवा नंबर लावतानाच दुपारची वेळ मागा. लोहाच्या, शुगरच्या, रक्त पातळ करायच्या गोळ्यांचं काय करायचं तेही त्याच वेळी विचारून घ्या.