चित्राखालचा मजकूर वाचला का?

ट्रेडिंग कार्ड गेम, म्हणजे जमवलेल्या चित्रांच्या कार्डांतून आपली गड्डी बांधून खेळायचे खेळ. ते खेळणाऱ्यांमध्ये एक दावा वर्षानुवर्षं फिरतो आहे. दर काही महिन्यांनी तो नव्या चित्रासह परत येतो आणि 'अगदी खरं' म्हणत लोक तो पुढे पाठवतात. थोडक्यात तो असा: या खेळांत स्त्री-पात्रं मुळात नव्हतीच, गेल्या दहा वर्षांत बाहेरच्या दबावामुळे ती घुसवली. त्यांची कार्डं खेळात कमकुवत असतात. लोक ती फक्त चित्रासाठी घेतात. ती चित्रं पुरुषांनी पुरुषांसाठी काढलेली असतात. आणि खेळणारेही पुरुषच असल्यामुळे यात कुणाचं काही बिघडत नाही.

मी पंधरा वर्षं हे खेळ खेळते आहे. या पाचांतलं एक विधान अर्धं खरं आहे आणि त्याच्याच जोरावर बाकीची चार खपतात. म्हणून एकेक वेगळं काढून तपासते.

'आधी नव्हत्याच, नंतर घुसवल्या'

ट्रेडिंग कार्ड गेम हा प्रकार ज्या खेळाने सुरू झाला, तो 'मॅजिक: द गॅदरिंग' ऑगस्ट १९९३ मध्ये बाजारात आला. पहिल्या छपाईत २९५ कार्डं होती. त्यांतलं एक 'सेरा एंजल'. पाच मानाची किंमत (माना म्हणजे कार्ड खेळायला खर्चावी लागणारी ऊर्जा), चारची ताकद, चारचा टिकाव, उडण्याची क्षमता, आणि हल्ला केल्यावर आडवं न होण्याचा गुण. न खेळणाऱ्यांसाठी सांगते: हल्ला केलेलं कार्ड आडवं फिरवावं लागतं, त्यामुळे प्रतिस्पर्ध्याच्या पाळीत ते बचावाला उभं राहू शकत नाही. सेरा एंजल हल्लाही करते आणि घरही राखते. त्या काळात तिच्याभोवती गड्ड्या बांधल्या जात. १९९७ च्या पाचव्या आवृत्तीतून तिला वगळलं, कारण मूळ संचासाठी ती फार भारी मानली गेली. २००१ च्या सातव्या आवृत्तीत ती परत आली. कुणाच्या दबावामुळे घुसवलेल्या पात्राचा इतिहास असा नसतो.

पण मला जास्त आवडतं ते दुसरं उदाहरण. डिसेंबर १९९३ मध्ये, म्हणजे खेळ चार महिन्यांचा असताना, 'अरेबियन नाइट्स' हा पहिला विस्तार-संच आला. त्यात 'सॉर्सरेस क्वीन' आहे, कोणत्याही दुसऱ्या प्राण्याची ताकद त्या पाळीपुरती शून्यावर आणणारी. आणि त्यात अरबी कथांतली गोष्टी सांगणारी 'शहरजाद' आहे. हे कार्ड खेळलं की चालू डाव तिथेच थांबतो. दोघांनी आपापल्या उरलेल्या गड्डीतून नवा डाव मांडायचा, तो शेवटपर्यंत खेळायचा, जो जिंकणार नाही त्याने मूळ डावातली निम्मी लाइफ, म्हणजे जीव-गुण, गमवायची आणि मग मूळ डाव पुढे सुरू करायचा. शहरजाद गोष्टीत गोष्ट गुंफून पहाट गाठते. कार्डसुद्धा डावात डाव गुंफतं. तिच्या हातात तलवार नाही, अंगात जादू नाही, तिची सगळी शक्ती सांगण्यात आहे आणि ती शक्ती नियमाच्या भाषेत जशीच्या तशी उतरली आहे. आज अधिकृत स्पर्धांत त्यावर बंदी आहे, कारण त्याच्यामुळे फेऱ्या संपतच नाहीत. तीस वर्षांत पात्र आणि नियम इतके एकजीव झालेली कार्डं फार थोडी निघाली, आणि त्यांतलं हे अगदी सुरुवातीचं.

१९९४ च्या 'लेजंड्स' संचात 'लेजंड' हा नावाजलेल्या पात्रांचा खास कार्ड-प्रकार प्रथमच आला. त्यात लेडी कलेरिया, लेडी ऑर्का, प्रिन्सेस लुक्रेझिया, रुबिनिया सोलसिंगर आहेत. १९९७ पासून चाललेल्या मोठ्या कथानकात 'वेदरलाइट' या उडत्या जहाजाची कप्तान सिसे नावाची कृष्णवर्णीय स्त्री आहे.

संख्या कमी होती हे मला मान्य आहे. २००७ मध्ये पहिले पाच प्लेन्सवॉकर (जगांमध्ये प्रवास करणारे जादूगार) आले, त्यांत दोन स्त्रिया. २०१४ मध्ये 'हार्थस्टोन' हा संगणकावरचा कार्ड गेम आला तेव्हा नऊ नायकांत दोनच स्त्रिया होत्या, जेना आणि व्हलीरा. पुढे प्रमाण वाढलं. पण 'कमी होत्या' आणि 'नव्हत्याच' यांत फरक आहे, आणि हा दावा त्या फरकावरच उभा आहे.

'त्यांची कार्डं कमकुवत असतात'

हे लिहिणाऱ्याने चित्र पाहिलं आणि खालची चौकट वाचलीच नाही, असं मला प्रामाणिकपणे वाटतं. तपासायला सगळ्यात सोपं विधान हेच आहे, कारण कार्डाची ताकद कार्डावरच छापलेली असते.

'पोकेमॉन'पासून सुरुवात करू. १९९९ च्या इंग्रजी मूळ संचात 'प्रोफेसर ओक' होतं: हातातली सगळी कार्डं टाकून द्या, सात नवी ओढा. २०११ मध्ये 'प्रोफेसर ज्युनिपर' आली. मुख्य व्हिडिओ गेमच्या मालिकेतली ही पहिली स्त्री-प्राध्यापक. तिच्या कार्डाचं काम हुबेहूब तेच: हात टाका, सात ओढा. त्या काळात स्पर्धेला बसणाऱ्या जवळजवळ प्रत्येक गड्डीत तिची कार्डं असायची. पुढे त्याच कामाचं 'प्रोफेसर सिकॅमोर' आलं, तो पुरुष. दोघांचं काम इतकं एक की एका खेळप्रकारात ही दोन्ही कार्डं एकाच गड्डीत ठेवायला मनाई करावी लागली. नंतर 'सिंथिया' आली, हात गड्डीत मिसळून सहा ओढायला लावणारी. मग 'मार्नी', मग २०२३ मध्ये 'आयोनो'. आयोनो दोन्ही खेळाडूंचा हात तळाशी पाठवते आणि ज्याची जितकी बक्षीस-कार्डं (जिंकण्यासाठी एकेक करून घ्यायची कार्डं) उरलीत तितकीच त्याला ओढू देते, म्हणजे जिंकत आलेल्याचा हात नेमका मोक्याच्या क्षणी रिकामा होतो. डावाचं पारडं फिरवणारी ही कार्डं आहेत.

'यू-गी-ओ' खेळणाऱ्याला तर एकच नाव पुरे: 'अॅश ब्लॉसम अँड जॉयस स्प्रिंग'. २०१७ पासून इंग्रजी स्पर्धांत असलेलं हे कार्ड म्हणजे एक लहानशी भुताळी मुलगी. हल्ल्याची ताकद शून्य. पण प्रतिस्पर्ध्याने गड्डीतून काही शोधायला, बोलवायला किंवा थेट स्मशानात (वापरून झालेल्या कार्डांच्या ढिगात) धाडायला घेतलं की हातातून तिला टाकायचं आणि तो बेत तिथेच मोडायचा. आपली पाळी नसताना चालणाऱ्या कार्डांत इतकी वर्षं इतक्या गड्ड्यांत टिकलेली फार थोडी आहेत. २०२२ मध्ये याच खेळात जलपऱ्यांची 'टिअरलॅमेंट्स' ही मालिका आली आणि तिने स्पर्धांवर असा कब्जा केला की तिच्यातली कार्डं बंदी-यादीत टाकावी लागली. कमकुवत पात्रांवर कुणी बंदी घालत नाही.

'मॅजिक'मधली 'अक्रोमा, एंजल ऑफ रॅथ' (२००३) आठ मानाची आहे आणि तिच्या चौकटीत सहा गुण ओळीने लिहिले आहेत. 'लिलियाना ऑफ द व्हेल' (२०११) तीन मानात येते, दर पाळीला दोघांनाही एकेक कार्ड टाकायला लावते किंवा समोरच्याला एखाद्या प्राण्याचा बळी द्यायला भाग पाडते. कमांडर या प्रकारात शंभर कार्डांची गड्डी एका नावाजलेल्या पात्राच्या नेतृत्वाखाली बांधतात. तिथे २०१६ ची अट्राक्सा कित्येक वर्षं सर्वांत लोकप्रिय नेतृत्वांपैकी एक राहिली आहे.

'फक्त चित्रासाठी घेतात'

अर्धं खरं विधान हेच, म्हणून इथे थांबायला हवं.

'पोकेमॉन'मधल्या 'लिली'सारख्या पात्राचं पूर्ण-चित्राचं कार्ड साध्या छपाईपेक्षा अनेक पटींनी महाग असतं, चौकटीतला मजकूर अक्षरशः तोच असताना. जास्तीचे पैसे चित्राचे आणि दुर्मिळपणाचे, यात शंका नाही. पण संग्राहक १९९९ च्या 'चारिझार्ड' या ड्रॅगनसारख्या पोकेमॉनलाही प्रचंड किंमत देतात, आणि ते कार्ड स्पर्धेत कधी फारसं चाललं नाही. दोनदा उत्क्रांत करायचं, चार ऊर्जा लावायच्या आणि शंभराचा घाव घालताना त्यांतल्या दोन टाकून द्यायच्या, इतकं महाग ते खेळायला पडतं. त्याला मात्र कुणी 'फक्त चित्रासाठी' म्हणून हिणवत नाही. संग्रह करणं म्हणजेच चित्रावर जीव जडणं. तो ड्रॅगनवर जडला तर छंद आणि मुलीवर जडला तर पात्र निरुपयोगी, हे तर्कात बसत नाही.

खरी टीका वेगळी आहे आणि ती मलाही करायची आहे. पहिल्याच छपाईतल्या 'अर्थबाइंड'वर बांधलेली बाई आहे. २०१२ च्या 'ट्रायम्फ ऑफ फेरॉसिटी'वर गॅरुक हे पुरुष-पात्र लिलियानाला खाली दाबून धरतं. ते चित्र पाहून अनेकींना घरातली मारहाण आठवली आणि त्यांनी तसं स्पष्ट सांगितलं. जोडीच्या कार्डावर लिलियाना गॅरुकवर वरचढ आहे हे खरं, पण पाकिटातून एका वेळी एकच चित्र हाती येतं. २०१९ मध्ये 'हार्थस्टोन'ने काही जुन्या कार्डांची चित्रं आणि नावं बदलली. 'सक्युबस' ही मोहात पाडणारी राक्षसीण गेली, तिच्या जागी 'फेलस्टॉकर' हा राक्षसी प्राणी आला. इथे मात्र मला वाटतं की काढून टाकणं हा सोपा मार्ग होता. तीच पात्रं नव्याने, त्यांच्या कामाला साजेशी रेखाटता आली असती.

टीका मजकुरावरही करता येते. 'यू-गी-ओ'मधली 'डार्क मॅजिशियन गर्ल' घ्या. स्मशानात पडलेल्या प्रत्येक 'डार्क मॅजिशियन'मागे तिची ताकद ३०० ने वाढते. म्हणजे गुरू मेल्याशिवाय शिष्येचं बळ वाढत नाही, तिची वाढ सर्वस्वी त्याच्या नावावर. हे मला खटकतं. आता तिच्यासमोर २०१८ ची 'स्काय स्ट्रायकर एस - रे' ठेवा. या गड्डीतली बहुतेक जादूची कार्डं तेव्हाच चालतात, जेव्हा मुख्य मैदानात तुमचा एकही सैनिक नसतो. रे स्वतःला अर्पण करून चिलखती रूपात उतरते, ते रूप शत्रूने पाडलं की स्मशानातून पुन्हा उठते. एकटी, दर वेळी वेगळ्या चिलखतात. एकटेपणा तिच्या गोष्टीत आहे तसाच नियमांत आहे. ही गड्डी हाताळताना मैदान मुद्दाम रिकामं ठेवावं लागतं, आणि त्या रिकाम्या जागेकडे पाहताना मला ती मुलगी जितकी कळते तितकी कुठल्याही चित्रातून कळत नाही.

'पुरुषांनी पुरुषांसाठी काढलेली चित्रं'

१९९३ चा 'शिवन ड्रॅगन' मेलिसा बेन्सन यांनी काढला. वर सांगितलेलं 'शहरजाद' काया फोग्लिओ यांचं आहे. 'बिटरब्लॉसम' रिबेका ग्वे यांचं. पिकाचूचं रूप अत्सुको निशिदा यांनी घडवलं, आणि २०२१ मध्ये ५२,७५,००० डॉलरला विकलं गेलेलं 'पिकाचू इलस्ट्रेटर' हे कार्डही त्यांच्याच हातचं. 'पोकेमॉन'च्या सुरुवातीच्या संचांपासून चित्रं काढणाऱ्या कागेमारू हिमेनोही स्त्री आहेत. यापुढे सांगण्यासारखं काही उरत नाही.

'खेळणारे पुरुषच'

एका स्पर्धेत समोर बसलेल्या मुलाने मला विचारलं होतं, "गड्डी कुणाची आणलीस?" माझीच होती, रात्री दोन वाजेपर्यंत बसून बांधलेली. तो डाव मी हरले. प्रश्न मात्र अजून लक्षात आहे, कारण तो दुष्टपणे विचारलेला नव्हता. त्याला खरंच तसं वाटलं होतं.

म्हणून हे शेवटचं विधान मला सगळ्यांत घातक वाटतं. ते नवीन मुलीला दारातच सांगतं की ही जागा तुझी नाही. ली शियाओमेंग या चिनी खेळाडूला एका स्पर्धेच्या नावनोंदणीच्या रांगेत सांगितलं गेलं होतं की मुलीने इथे उभं राहू नये. २०१९ च्या नोव्हेंबरमध्ये तिने 'हार्थस्टोन ग्रँडमास्टर्स'ची जागतिक अंतिम फेरी ३-० ने जिंकली, २,००,००० डॉलरचं बक्षीस घेतलं, आणि जिंकल्यावर रांगेतली ती आठवण सांगितली.

तिच्या सहा वर्षं आधी, फेब्रुवारी २०१३ मध्ये, माँट्रियलच्या प्रो टूरमध्ये, म्हणजे व्यावसायिक खेळाडूंच्या मोठ्या स्पर्धेत, मेलिसा डिटोरा शेवटच्या आठांत पोचली. 'मॅजिक'च्या प्रो टूरमध्ये तिथवर जाणारी ती पहिली स्त्री. पुढे ती खेळ बनवणाऱ्या कंपनीत गेली आणि छपाईआधी कार्डं खेळून त्यांची ताकद तपासणाऱ्या गटात काम करू लागली. हा दावा लिहिणाऱ्याने जी चौकट वाचली नाही, तिच्यातले आकडे ठरवण्यात तिचाही वाटा होता.