रव्याचं खत आणि चौदा पैसे

नाशिकच्या जेलरोडवर वैशालीताईंचं झेरॉक्सचं दुकान आहे, त्याच्या पायरीवर आमचा कट्टा. पायरी ताईंची, चहा शेजारच्या टपरीचा आणि तोंडं आमची. सिंहस्थाच्या नावानं रस्ता उकरून ठेवल्यापासून बसायला जागा जरा कमीच झालीय, पण त्यानं आमचं काही अडत नाही. मंग्याला फक्त थोडं सरकून बसावं लागतं, म्हणजे बाकीच्यांना बरंच सरकावं लागतं.

जूनचा पहिला आठवडा. आभाळ नुसतंच भरून आलेलं. रव्या आला आणि पासबुक ताईंच्या काउंटरवर आपटलं. अकरा महिन्यांनी छापून आणलेलं.

"मला हॅक केलंय."

"तुला?" तात्या म्हणाले. "चोराला दुसरं घर नाही मिळालं?"

तात्या नोटा छापायच्या प्रेसमधून रिटायर झालेले. आयुष्य नोटांत गेलं, त्यामुळे नोट सोडून बाकी सगळा पैसा त्यांना अफवा वाटतो. मोबाईलवरून कोणी पैसे पाठवले की ते अजूनही विचारतात, "म्हणजे आले का?"

रव्या बोट फिरवत ओळी वाचू लागला. सतरा सत्तर. पुन्हा सतरा सत्तर. दोनशे छत्तीस. सत्तावीस चौदा, हे तर कितीदा तरी. चारशे छत्तीस. वीस. "यातलं एक तरी मी खर्च केलंय का? आणि घरी हे सांगायची सोय नाही. हिचं हल्ली काय बिनसलंय कळत नाही. महिनाभर टोमणे. काल विचारते, गावाकडे शेती घेतली का?"

मंग्याला हे बोलणं म्हणजे आमंत्रणच. मंग्याकडे चार क्रेडिट कार्डं आहेत आणि ती तो जानव्यासारखी सांभाळतो. पंचवटीत भेळ खाल्ली तरी त्याला पॉइंट मिळतात. "रवी, तुझा प्रॉब्लेम माइंडसेटचा आहे," तो भजी मोडत म्हणाला. "सेव्हिंग खातं कोण वापरतं आता? सगळं कार्डवर टाकायचं. बँकेच्या पैशावर पंचेचाळीस दिवस जगायचं. ह्या चिल्लर चार्जेसकडे मी बघतसुद्धा नाही."

"बघत नाहीस म्हणून तर ते आहेत," ताई आतून म्हणाल्या. मशीन चालूच होतं.

मग त्या बाहेर आल्या, पासबुक हातात घेतलं आणि चष्मा वर सरकवला. त्यांच्या दुकानात रोज वीसेक माणसं बँकेचे फॉर्म भरून घ्यायला येतात. मॅनेजरला तोंडपाठ नसेल एवढं त्यांना आहे.

"सतरा सत्तर म्हणजे एसेमेसचे. तिमाहीला पंधरा अधिक जीएसटी."

"मला एसेमेस येतच नाही!"

"ते नंतर बघू. दोनशे छत्तीस कार्डाचे वार्षिक. दोनशे अधिक अठरा टक्के. आणि हे सत्तावीस चौदा कसले ते तुझं तू सांग. महिन्यातून किती वेळा जातोस एटीएमला?"

"लागेल तसं. पाचशे काढतो."

"पाच वेळा फुकट. सहाव्यापासून तेवीस रुपये अधिक जीएसटी. गेल्या वर्षी मे महिन्यात एकवीसचे तेवीस झाले तेव्हा याच पायरीवर तू एक तास भाषण केलं होतंस. भाषण करून लगेच समोरच्या एटीएममधून पाचशे काढून आणलेस."

यावर तात्यांना काहीतरी आठवलं. ते सावरून बसले. "एक मला सांगा. पंचवीस पैसे आणि त्याखालची नाणी २०११ सालच्या जूनअखेर बंद झाली. सरकारनं. रीतसर. मग हे चौदा पैसे बँक कुठल्या नाण्यात कापते?"

कोणाकडे उत्तर नव्हतं. मंग्या म्हणाला, ते डिजिटल असतात. तात्या म्हणाले, "म्हणजे नसतातच. नसलेले पैसे कापून घेतात आणि याचे असलेले कमी होतात." मला अजूनही या वाक्यात काय चुकलंय ते सापडलेलं नाही.

खरं भांडण पेटलं ते चारशे छत्तीसवरून.

ही पंतप्रधानांच्या जीवनज्योती विम्याची रक्कम. आधी तीनशे तीस होती, २०२२च्या जूनपासून चारशे छत्तीस झाली. वीस रुपये अपघात विम्याचे, ते पूर्वी बारा होते. दरवर्षी मे महिन्याच्या शेवटच्या आठवड्यात आपोआप कापले जातात आणि १ जूनपासून वर्ष सुरू होतं. रव्याचं म्हणणं, मी सही केलीच नाही. मंग्याचं म्हणणं, केली असशील, तू वाचतोस कुठे. तात्यांचं म्हणणं, दोन लाखांचा विमा आहे, चारशेसाठी काय रडतोस, आमच्या वेळी असं काही मिळत नव्हतं.

"तुमच्या वेळी पेन्शन मिळत होती," रव्या म्हणाला. ते तात्यांना लागलं. दहा मिनिटं विषय पेन्शनवर गेला, तिथून संपावर, तिथून नोटाबंदीच्या वेळच्या ओव्हरटाइमवर. आम्ही हे सगळं शंभरदा ऐकलंय, तरी ऐकलं.

ताईंनी तेवढ्यात रव्याचं दुसरं पासबुक मागितलं. गावाकडच्या, सिन्नरच्या खात्याचं. ते त्यानं झोळीत आणलं होतं, नशीब. त्यातही चारशे छत्तीस.

"हे बघ. सही केलीस की नाही यावर भांडत बसू नकोस. बँकेला लेखी विचार, माझ्या संमतीचा फॉर्म दाखवा. तो त्यांच्याकडे असायला हवा. नसला तर पैसे परत माग. पण आधी एक खातं ठेव आणि दुसरं बंद कर. हा विमा माणसाला एकाच खात्यातून मिळतो. दोन ठिकाणी कापले तरी मेल्यावर दोनच लाख. दुसरे चारशे छत्तीस बुडीत धर."

"म्हणजे मी दोनदा मरणार आणि..."

"एकदाच मरशील. आणि मला सांग, कापलेलं तुला अकरा महिने कळलं नाही. उद्या तू गेलास तर सुनीताला कळेल का, की असा विमा आहे? घरी सांगितलंयस?"

रव्या गप्प. मीही गप्प, कारण मी घरी गेल्यावर पहिलं हेच पाहिलं. आमच्याकडेही कोणाला माहीत नव्हतं.

मंग्या मात्र गप्प बसणाऱ्यातला नाही. "ह्या दोन-चारशेसाठी बँकेत अर्धा दिवस घालवायचा? माझ्या वेळेला किंमत आहे."

"तुझ्या वेळेला?" तात्या. "चार वाजल्यापासून इथं बसलायस."

मी मध्ये पडलो, कारण मला आईचं प्रकरण आठवलं. कट्ट्यावर सगळ्यांना ते माहीत आहे, तरी सांगतो. एका गुरुवारी पहाटे दोन वाजता तिच्या कार्डावर नऊ हजार आठशेची ऑनलाइन खरेदी झाली. ओटीपी आला नाही, कोणाचा फोन नाही, कार्ड कपाटात. मेसेज सकाळी दिसला. दिसल्या दिसल्या बँकेला फोन लावून कार्ड बंद करायला हवं होतं, पण आमच्या घरात प्रत्येकाला वाटलं दुसऱ्यानं लावला असेल. प्रत्यक्ष शाखेत पोचलो तो मंगळवार. साहेबांनी कॅलेंडरही न बघता सांगितलं, पाच दिवस झाले, आता अवघड आहे, आधी पोलिसात जा.

तेव्हा ताईंनीच बोटांवर मोजून दिलं होतं. मेसेज आला तो दिवस धरायचा नाही. गुरुवार गेला. शुक्रवार एक. दुसरा शनिवार सुट्टी, रविवार सुट्टी. सोमवार दोन. मंगळवार तीन. तेव्हा रिझर्व्ह बँकेचं ६ जुलै २०१७चं परिपत्रक लागू होतं. चूक आपली नसेल आणि तीन कामकाजाच्या दिवसांत कळवलं, तर ग्राहकाच्या अंगावर काही येत नाही. चार ते सात दिवसांत कळवलं तर थोडं येतं, साध्या बचत खात्याला जास्तीत जास्त दहा हजार. आणि चूक ग्राहकाची होती हे बँकेनं सिद्ध करायचं, आपण नाही. ताईंनी अर्जात तारीख घातली, दोन प्रती काढल्या. एकीवर शिक्का घेऊन ये म्हणाल्या, शिक्क्याशिवाय पायरी उतरू नकोस. दहा कामकाजाच्या दिवसांत पैसे खात्यात तात्पुरते जमा झाले, नंतर कायमचे. बँकेनं तीस दिवसांत ऐकलं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जायचं, हेही ताईंनी सांगून ठेवलं होतं. जावं लागलं नाही.

"आणि स्वतः ओटीपी सांगितला असता तर?" रव्यानं विचारलं.

"तर कळवेपर्यंत गेलेलं तुझं. मग धावत सायबर फसवणुकीचा १९३० नंबर लावायचा आणि देवाला हात जोडायचे," ताई म्हणाल्या. "मंगेश, तुझं स्टेटमेंट उघड."

"माझं कशाला?"

"बघायला पैसे लागत नाहीत."

कोणीतरी त्याच्या हातातून फोन घेतला. (मीच घेतला.) चार कार्डांपैकी दोनावर साहेब नुसते मिनिमम ड्यू भरतात. महिन्याला साडेतीन टक्के व्याज, म्हणजे वर्षाला बेचाळीस. आणि बाकी शिल्लक असली की नव्या खरेदीला ते पंचेचाळीस दिवसही मिळत नाहीत, त्याच दिवसापासून मीटर चालू. पॉइंट मात्र जमतायत, आठशे अकरा झालेत.

खाली आणखी एक ओळ होती. दर महिन्याच्या पाच तारखेला एकशे नव्याण्णव. गेले चौदा महिने.

"हे काय रे?"

"ते... अ‍ॅप आहे. पहिला महिना फुकट होता."

"कसलं अ‍ॅप?"

मंग्यानं हातातलं भजं खाली ठेवलं. "वजन कमी करायचं."

तात्या पायरीवरून घसरायचे राहिले. चौदा महिने, दोन हजार सातशे श्याऐंशी रुपये, आणि समोर भज्यांची दुसरी प्लेट. पैसे कापण्याच्या चोवीस तास आधी मेसेज येतो, हे नियमात आहे, आणि येतही होता. मंग्यानं सगळ्या बँकांचे मेसेज म्यूट करून ठेवले होते. मन प्रसन्न राहतं म्हणे. ताईंनी दोन मिनिटांत ते ऑटोपे बंद करून दिलं. तात्यांनी तेवढ्यात २०१९च्या भिशीचा विषय काढला. मंग्यानं पहिलाच नंबर उचलला होता आणि शेवटचे तीन हप्ते दिलेच नव्हते. ऑटोपे तेव्हा हवं होतं, असं तात्यांचं मत पडलं.

रव्याला आता धीर आला होता. "ताई, ते राहू द्या, हे एक खरंच फ्रॉड आहे. पक्कं. एप्रिलमध्ये अठराशे चाळीस, कुठल्याशा अ‍ॅग्रो ट्रेडर्सला. माझ्याकडे कुंडीत तुळस आहे फक्त. मी कशाला खत घेऊ?"

ताईंनी तक्रारीचा फॉर्म काढला, पेन उघडलं. "तारीख? वार कुठला होता?"

"शनिवार. रात्री नऊ सत्तेचाळीस."

मंग्या एकदम म्हणाला, "सोड ना यार, अठराशेच तर आहेत."

सगळ्यांनी त्याच्याकडे बघितलं. ताई पेन धरूनच म्हणाल्या, "दुकानाच्या पाटीवर एक नाव असतं आणि कार्डाच्या मशीनला जोडलेलं खातं मालकाच्या दुसऱ्याच फर्मचं असू शकतं. रवी, त्या शनिवारी रात्री होतास कुठं?"

"सेकंड शिफ्टला."

"शिफ्टला कोण कोण होतं?"

मंग्या भज्यांकडे बघत होता. देवळाली कॅम्पचा तो बार, त्याच्या वाढदिवसाचं बिल, आणि 'नंतर देतो' हे त्याचं नेहमीचं वाक्य. हळूहळू सगळं रव्याच्या चेहऱ्यावर उमटलं. तात्या डोळे पुसत म्हणाले, "खत उत्तम होतं. पोट बघा कसं वाढलंय."

ताईंनी फॉर्म फाडला नाही, उलटून मागची कोरी बाजू वर करून ठेवला. काटकसरी बाई. मग पासबुक मिटता मिटता थांबल्या. "तुला एसेमेस येत नाहीत म्हणालास ना? पहिल्या पानावर जो नंबर छापलाय, शेवटी बावन्न, तो कोणाचा?"

रव्यानं पान उघडलं. बराच वेळ बघितलं.

"सुनीताचा," तो म्हणाला. "खातं उघडलं तेव्हा माझा फोन हरवला होता."

"म्हणजे शनिवारी रात्री नऊ सत्तेचाळीसला..."

"शेती घेतली का विचारत होती ती," रव्या म्हणाला, आणि पावसाचा पहिला थेंब पडायच्या आत गाडीला किक मारून निघालासुद्धा. पासबुकं काउंटरवरच राहिली.