एरर दाखवता, मग फाइलचं नाव सांगायला काय होतं?

डोकं फिरलंय नुसतं. डेस्कटॉप जरा बरा दिसावा, डार्क थीम, बारीक टास्कबार, कोपऱ्यात घड्याळ, बास एवढंच हवं होतं, आणि त्यासाठी घेतलेलं थीम बदलायचं सॉफ्टवेअर, थीम लावायला सांगितलं की तोंडावर बॉक्स फेकतं, 'थीम लागू करता आली नाही', खाली कोड आणि ओके. अरे कुठली फाइल, कुठली ओळ, काहीतरी बोला की!

कोड कुठला तर ८००७०००५ वाला, म्हणजे ॲक्सेस डिनाइड, परवानगी नाकारली. पण कशाचा? सिस्टिम फोल्डरचा, विंडोजची सेटिंग्ज साठवणाऱ्या रजिस्ट्रीचा, का अँटीव्हायरसने मधेच फाइल अडवलीय? प्रोग्रामला माहीत असतंच ना, त्यानेच ती उघडायला घेतली होती, मग तो पाथ, म्हणजे फाइलचा पत्ता, तिथे छापायला काय पैसे पडतात का? त्यात त्या बॉक्सलाही यांचीच स्किन, राखाडीवर राखाडी अक्षरं, धड वाचता येत नाही. विंडोजच्या साध्या मेसेज बॉक्सवर कंट्रोल सी दाबलं की सगळा मजकूर कॉपी होतो, यांनी बॉक्स सजवायच्या नादात तेही घालवलं, आता बसा कोड हाताने टाइप करत.

आणि ओके दाबलं की टास्कबार गायब, आयकॉन गायब, मागे सगळं काळं. कंट्रोल शिफ्ट एस्केप, टास्क मॅनेजर, नवीन टास्क, त्यात एक्सप्लोरर (टास्कबार-डेस्कटॉप दाखवणारा प्रोग्राम) चालवायचा, मग परत येतं. पण ज्याला हे माहीत नाही तो सरळ पॉवर बटण दाबणार आणि सेव्ह न केलेलं काम गेलं त्याचं, याची जबाबदारी कोण घेणार?

बरं, बाहेरच्या थीमवर मायक्रोसॉफ्टची डिजिटल सही नसते, विंडोज ती तशी लावत नाही, म्हणून यूएक्सथीम डीएलएल ही विंडोजची थीम सांभाळणारी फाइल पॅच करायची, म्हणजे त्यात बदल करायचा, आणि अपडेट आला की मूळ फाइल परत जागेवर, हे काय आजचं आहे का? सुरू होताना व्हर्जन तपासा आणि स्पष्ट लिहा, 'अपडेटमुळे पॅच गेला'. एका ओळीचं काम आहे हो.

रीइन्स्टॉल करा म्हणणाऱ्यांनाही हात जोडून सांगतो, ॲपडेटा फोल्डरमधली जुनी सेटिंग्ज तशीच राहतात, परत तोच बॉक्स येतो.

सपोर्टला लिहिलं तर म्हणे लॉग, म्हणजे प्रोग्रामच्या नोंदींची फाइल, पाठवा. लॉग उघडला तर आत तेच वाक्य, तोच कोड, फक्त पुढे तारीख आणि वेळ लावलेली. काय शोधायचं त्यात आम्ही?