खबर दिली, पुढे काय झालं?

जुलै २०२५ मध्ये रेवदंड्याजवळ कोर्लईच्या समुद्रात रडारवर एक संशयास्पद बोट दिसली आणि त्या रात्री आमच्या घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर कोणाचा डोळा लागला नाही. निम्मी माणसं श्रीवर्धनात, काही मुंबईत आणि मी इथे मँचेस्टरजवळ. किनाऱ्यावर पोलीस उतरले, नाकाबंदी लागली, तटरक्षक दल समुद्रात शोध घेऊ लागलं. शेवटी कळलं की ती बोट नव्हतीच. एका पाकिस्तानी मासेमारी नौकेच्या जाळ्याचा, ठिकाण कळवणारं ट्रान्सपाँडर यंत्र लावलेला बोया वाहत आपल्या हद्दीत आला होता.

बोयाचा विषय संपला, ग्रुपवरचं भांडण मात्र संपेना. पहलगामला २२ एप्रिलला २६ माणसं मारली गेली, त्याला तीन महिनेही झाले नव्हते. अर्धे म्हणत होते, गुप्तचर यंत्रणांना मोकळा हात द्या, त्यांना प्रश्न विचारणं म्हणजे शत्रूला मदत. उरलेले म्हणत होते, या यंत्रणा आपल्याच लोकांचे फोन ऐकतात, त्यांच्यावर विश्वास ठेवायचा कशाला? या सगळ्यात माझा चुलतभाऊ, ज्याची बोट जीवना बंदरात लागते, एवढंच लिहून गेला: "मी आजवर दोनदा १०९३ ला, सागरी सुरक्षेच्या नंबराला, फोन केलाय. पुढे काय झालं ते कोणी सांगितलं नाही."

दादाच्या त्या वाक्याला कोणीच उत्तर दिलं नाही. दोन्ही बाजूंच्या शंभर मेसेजपेक्षा मला ते वाक्य मोठं वाटतं.

आमच्या तालुक्याला हा विषय नवा नाही. ९ जानेवारी १९९३ ला दिघीला माल उतरला. ३ आणि ७ फेब्रुवारीला शेखाडीला शस्त्रं आणि आरडीएक्स उतरलं. १२ मार्चला मुंबईत बॉम्बस्फोटांत २५७ माणसं मेली. त्या आधी सीमाशुल्क खात्यात इशाऱ्याचं पत्र आलेलं होतं: सोन्याचांदीबरोबर शस्त्रंही येण्याची शक्यता आहे, मुंबई, श्रीवर्धन, बाणकोट, रत्नागिरी या पट्ट्यावर लक्ष ठेवा. गावांची नावं घालून इशारा होता. आणि दिघीच्या मालाचे ट्रक त्या रात्री गोंडघर फाट्यावर पोलिसांनी अडवलेही होते. सात लाखांवर सौदा ठरला, तेवढी रोकड जवळ नव्हती म्हणून चांदीच्या पाच विटा तारण ठेवून घेतल्या आणि ट्रक सोडून दिले. हे सगळं न्यायालयाच्या निकालात आहे. सीमाशुल्क अधिकारी आणि पोलीस दोषी ठरले.

मी तेव्हा अकरा वर्षांची होते. गावात जीपा यायला लागल्या, तेव्हा काय चाललंय ते आम्हा मुलांना कळत नव्हतं. माझ्या वर्गातल्या मुस्लिम मैत्रिणीच्या काकांना उचलून नेलं. काही आठवड्यांनी ते परत आले, त्यांच्यावर कसलाच आरोप ठेवला नाही, पण ते पुन्हा कधी बंदरावर बसायला आले नाहीत. पुढे मुंबईला कॉलेजात गेले तेव्हा गाव सांगितलं की समोरचा हमखास विचारायचा, "शेखाडीजवळचं का?" मैत्रिणीला हाच प्रश्न वेगळ्या सुरात विचारला जायचा. फाट्यावर चांदी घेणारे मोजके होते. त्यांच्यापायी अख्ख्या किनाऱ्यावर डाग लागला, आणि पुढची कित्येक वर्षं किनाऱ्यावरचा माणूस पोलिसांजवळ तोंड उघडायला घाबरायचा.

म्हणून "माहिती कमी पडली" हे वाक्य ऐकलं की मी आधी थांबते. कधी पडते, हे खरं. पण १९९३ ला माहिती होती, रस्ताही अडवलेला होता. २००८ ला तर माहितीचे तुकडे तीन देशांत पडले होते. समुद्रमार्गे हल्ला होईल, ताजसारख्या हॉटेलांवर होईल, असे इशारे आधी आलेले होते. २०१४ च्या डिसेंबरात न्यूयॉर्क टाइम्सने छापलं की हल्ल्याच्या आखणीतल्या झरार शाहच्या संगणकावर ब्रिटनचं जीसीएचक्यू, म्हणजे संदेश टिपणारी गुप्तचर संस्था, लक्ष ठेवून होतं, एक भारतीय यंत्रणाही ठेवून होती आणि अमेरिकेकडे वेगळे धागे होते. तिघांनी ते जोडून पाहिले नाहीत. ज्या देशाला मी कर भरते त्या देशातल्या एका टेबलावर माझ्या मुंबईच्या हल्ल्याचे तुकडे पडून होते, हे वाचलं त्या दिवशी मला कामावर लक्षच लागलं नाही.

आणि शेवटचा तुकडा तर कुलाब्याच्या मच्छीमार वस्तीतल्या माणसांच्या डोळ्यांसमोर उतरला. 'कुबेर' ट्रॉलर सोडून रबरी होडीतून आलेली दहा अनोळखी पोरं, पाठीवर जड बॅगा. वस्तीतल्यांनी हटकलं, त्यांनी उडवून लावलं.

त्यानंतर खूप काही उभं राहिलं, ते मान्य करायलाच हवं. राष्ट्रीय तपास यंत्रणा, एनआयए, आली. कारगिलनंतर २००१ मध्ये सुरू झालेल्या, सगळ्या यंत्रणांची माहिती एकत्र आणणाऱ्या मल्टी एजन्सी सेंटरला बळ मिळालं. २००९ मध्ये सागरी सुरक्षेची एकूण जबाबदारी नौदलाकडे आली, किनाऱ्यावर रडारची साखळी लागली, मच्छीमारांना ओळखपत्रं मिळाली, दिघीला सागरी पोलीस ठाणं झालं. 'सागर कवच' सराव होतात, गावोगाव सागर सुरक्षा दलाची पोरं आहेत. पूर्वी गुप्तवार्ता म्हणजे पोलीस ठाण्याच्या गोपनीय शाखेचा एक माणूस, जो टपरीवर चहा पीत बसायचा आणि ज्याला सगळं गाव ओळखायचं. आता गुप्तवार्ता म्हणजे रडार, सिमकार्ड, उपग्रह आणि न संपणारा डेटा. हेर कमी आणि विश्लेषक जास्त, असा हा बदल जगभर झाला आहे.

पण डेटा वाढला म्हणून शहाणपण आपोआप वाढत नाही. १८ ऑगस्ट २०२२ ला हरिहरेश्वरला 'लेडी हान' नावाची नौका किनाऱ्याला लागली, आत तीन एके-४७ आणि काडतुसं. दहशतीचा कट नव्हता. मस्कतहून युरोपला निघालेली ती नौका जूनमध्ये इंजिन बिघडल्यावर सोडून द्यावी लागली होती आणि भर पावसाळ्यात वाहत वाहत आली. शस्त्रं भरलेली नौका काळभैरवाच्या पायथ्याशी येईपर्यंत कोणाला दिसली नाही, आणि तीन वर्षांनी जाळ्याचा बोया मात्र दिसला. मी रडारवर बसणाऱ्यांना दोष देत नाही. पावसाळी समुद्रात लाटांमधून एक निर्जीव नौका वेचणं अवघड असतं, आणि बोयाच्या वेळी त्यांनी धोका न पत्करता धाव घेतली, ते बरोबरच केलं. मला एवढंच म्हणायचं आहे की यंत्राकडून जे सुटतं ते तांडेलाच्या, बोट चालवणाऱ्या म्होरक्याच्या, नजरेला दिसतं. कोणती होडी कुठल्या बंदराची, कोणाचा खलाशी नवा आहे, कोणाचा दिवा चुकीच्या जागी आहे, हे त्याला न बघताही कळतं.

आता इथली गोष्ट. २२ मे २०१७ ला मँचेस्टर अरेनात एका गाण्याच्या कार्यक्रमानंतर बॉम्बस्फोट झाला. २२ माणसं गेली, त्यात लहान मुलं होती. दुसऱ्या दिवशी माझ्या मुलीच्या शाळेच्या फाटकाशी उभ्या असलेल्या आया एकमेकींकडे बघत नव्हत्या. पुढे निवृत्त न्यायाधीश सर जॉन सॉन्डर्स यांच्या अध्यक्षतेखाली जाहीर चौकशी झाली. २०२१ मध्ये आलेल्या पहिल्या खंडात एक तपशील आहे, तो मला कुलाब्याच्या वस्तीपाशी घेऊन गेला. मुलांना न्यायला आलेल्या एका पालकाला पाठीवर मोठी बॅग घेतलेला माणूस खटकला. त्यांनी तिथल्या सुरक्षा कर्मचाऱ्याला सांगितलं, आपल्याला झटकून टाकल्यासारखं त्यांना वाटलं. दुसऱ्या एका कोवळ्या कर्मचाऱ्यालाही संशय आला होता. आपल्याला वर्णद्वेषी म्हणतील ही धास्ती, आणि वायरलेसवर वरिष्ठांशी संपर्क होईना. खबर दिली गेली होती. ती पुढे सरकली नाही.

मार्च २०२३ मध्ये तिसरा खंड आला. ब्रिटनची देशांतर्गत गुप्तचर यंत्रणा एमआय५ हिच्याकडे हल्लेखोराबद्दल माहितीचे दोन तुकडे होते, त्यांचं वजन वेळेत ओळखलं गेलं नाही, एक महत्त्वाची संधी हुकली, असं त्यात स्पष्ट म्हटलं आहे. त्याच दिवशी एमआय५ चे प्रमुख केन मॅकॅलम यांनी जाहीरपणे माफी मागितली.

मी ते टीव्हीवर पाहिलं. देशाच्या गुप्तचर यंत्रणेचा प्रमुख मेलेल्या मुलांच्या आईबापांची माफी मागतो आहे. देश त्यामुळे दुबळा झाला नाही. त्या दोन तुकड्यांत नेमकं काय होतं हे अजून जाहीर नाही, ती सुनावणी बंद दाराआडच झाली, आणि काही कुटुंबांचा राग त्यावरून आजही आहे, तो मला समजतो. पण चूक झाली हे गुपित ठेवलं नाही.

ब्रिटिश लोक उपजत शहाणे आहेत असं मला अजिबात म्हणायचं नाही. १९८९ पर्यंत एमआय५ ला कायद्याचा आधार नव्हता आणि परदेशात हेरगिरी करणाऱ्या एमआय६ चं अस्तित्व सरकार उघडपणे कबूलही करत नसे. संसदेची गुप्तचर समिती आली १९९४ च्या कायद्याने. आता एखाद्याचा फोन ऐकायचा तर २०१६ च्या कायद्यानुसार मंत्र्याच्या सहीवर न्यायिक आयुक्ताचीही मान्यता लागते. आणि इथलं सगळं उचलण्यासारखंही नाही. २०१५ पासून शाळांवर कट्टरतेकडे झुकणारी मुलं ओळखण्याची कायदेशीर जबाबदारी आहे. मुस्लिम शेजाऱ्यांच्या घरी जेवायला बसलं की मुलांना "शाळेत काय बोलू नकोस" हे सांगितलेलं कानावर येतं. तेव्हा मला माझ्या वर्गातली मैत्रीण आठवते.

भारतात इंटेलिजन्स ब्युरो १८८७ पासून आहे, रॉ १९६८ पासून. दोघांनाही संसदेने केलेला स्वतंत्र कायदा नाही. २०११ मध्ये मनीष तिवारी यांनी खासगी विधेयक आणलं होतं, ते पुढे गेलं नाही. फोन ऐकायला गृहसचिवांची परवानगी लागते आणि ती तपासणारी समितीही सचिवांचीच असते; न्यायाधीश त्यात कुठेच नाही. फोनमध्ये शिरून हेरगिरी करणाऱ्या पेगॅसस सॉफ्टवेअरच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या समितीने २९ फोन तपासले, पाचांमध्ये मालवेअर सापडलं, ते पेगॅससच होतं असं ठरलं नाही, आणि सरकारने सहकार्य केलं नाही असं सरन्यायाधीशांनी ऑगस्ट २०२२ मध्ये भर न्यायालयात सांगितलं. मुंबई हल्ल्यानंतरच्या राम प्रधान समितीच्या कक्षेत केंद्राच्या यंत्रणा नव्हत्या. पोलिसांनी काय केलं ते तिने पाहिलं, वरून आलेल्या इशाऱ्यांचं दिल्लीत काय झालं ते पाहायची सोय नव्हती.

ग्रुपवर मी हे लिहिलं तेव्हा आत्तेभावाने विचारलं, "तुझ्या शेजारी फ्रान्स आहे, आमच्या शेजारी पाकिस्तान. तुला काय जातंय?" प्रश्न रास्त आहे. हजारो कोसांवरून सल्ला देणं सोपं असतं. पण त्याला मी लंडनचं उदाहरण दिलं नाही, कारगिलचं दिलं. युद्ध जुलै १९९९ मध्ये संपलं, के. सुब्रह्मण्यम यांच्या समितीचा अहवाल फेब्रुवारी २००० मध्ये संसदेपुढे आला. गुप्तचर यंत्रणांचे दोष त्यात मांडलेले होते. नाजूक भाग गाळून तो छापला, लोकांनी विकत घेऊन वाचला. त्यातूनच मल्टी एजन्सी सेंटर आणि संरक्षण गुप्तचर संस्था उभी राहिली. सीमेपलीकडे तेव्हाही पाकिस्तानच होता. हे आपल्याला जमलेलं आहे, आपण नंतर सोडून दिलं. पहलगामबद्दल अशी एक समिती, असा एक अहवाल मागणारा माणूस माझ्या लेखी यंत्रणांचा शत्रू नाही. गोंडघर फाट्याच्या चांदीने जेवढं नुकसान केलं तेवढं कुठल्याही प्रश्नाने केलेलं नाही.

परवा दादाशी फोनवर बोलले. दोनदा फोन केलास, काय पाहिलं होतंस? एकदा रात्री दिवे न लावता उभी असलेली बोट, एकदा डिझेलचे कॅन उतरवणारी होडी. फोन उचलला, नाव विचारलं, बोटीचा नंबर विचारला. मग चार दिवसांनी बंदरावर त्याच्याच खलाश्यांची ओळखपत्रं तपासायला माणसं आली. दोन नेपाळी पोरांचा दिवस बुडाला. खबर दिली म्हणून आली की नेहमीचीच तपासणी होती, हे त्याला आजही ठाऊक नाही. त्याला गुपित नको आहे. बोट पाहिली, काळजीचं नव्हतं. किंवा बरं केलंस, कळवत राहा. एवढी एक ओळ हवी आहे.

ऑगस्ट २०२४ मध्ये पालघरच्या कार्यक्रमात पंतप्रधानांनी मच्छीमार नौकांसाठी उपग्रहाला जोडलेल्या ट्रान्सपाँडरची देशव्यापी योजना सुरू केली, एक लाख नौकांसाठी. त्यावर वादळाचा इशारा येतो, हद्द ओलांडली तर सूचना येते, अडचणीत असलेल्या तांडेलाला किनाऱ्याला कळवता येतं. संदेश जातो आणि येतो, दोन्ही. दादाला विचारलं, तुझ्या बोटीवर बसलं का? म्हणाला, पावसाळ्यातली मासेमारी बंदी उठायच्या आत बसवून घेईन. मग जरा थांबून त्याने विचारलं, "त्यात उत्तरं पण येतात म्हणालीस ना?"