सहा महिने झाले म्हणून विभागीय चौकशी (डीई) संपत नाही

"विभागीय चौकशी सहा महिन्यांत संपली नाही तर आपोआप रद्द. निलंबन नव्वद दिवसांच्या वर टिकत नाही. थेट नागपूरला हायकोर्टात जा, व्याजासह पूर्ण पगार घ्या. सुप्रीम कोर्टाचा आदेश! पुढे पाठवा." यवतमाळ जिल्ह्यात आर्णी-दिग्रसकडे तलाठी-ग्रामसेवकांच्या मोबाइलवर हा मजकूर फिरतो आहे. माझी नोकरी महसुलात गेली, सहकाऱ्यांचा बचाव सहायक म्हणून बऱ्याच चौकश्यांत बसलो. परवा एक निलंबित तलाठी हाच मजकूर दाखवून म्हणाला, "काका, आता तारखेला जायची गरज नाही ना?" म्हटलं, बापू, नाही गेलास तर चौकशी एकतर्फी उरकतील.

सहा महिन्यांची गोष्ट हवेतली नाही. ती डिसेंबर २०१५ च्या प्रेमनाथ बाली निकालातली. चौकशी शक्यतो सहा महिन्यांत संपवा, अडचणच असेल तर जास्तीत जास्त वर्षभरात, असे सुप्रीम कोर्ट म्हणाले. मुदत टळली की चौकशी रद्द, हे मात्र त्यात कुठेच नाही. खुद्द बालींचे काय झाले, ते मजकूर पाठवणाऱ्याने वाचलेले दिसत नाही. दिल्लीतल्या न्यायालयाचा हा कारकून नऊ वर्षांहून जास्त निलंबित होता. एवढा उशीर होऊनही त्याची सक्तीची सेवानिवृत्ती कायम राहिली. पदरात पडले ते इतकेच, की निलंबनाचा काळ पेन्शनसाठी धरला गेला.

उशिरामुळे दोषारोपपत्र कधीच रद्द होत नाही, असेही नाही. बानी सिंग (१९९०) प्रकरणात बारा वर्षांनी आरोप ठेवले होते, महादेवन (२००५) प्रकरणात दहा. दोन्ही ठिकाणी कर्मचाऱ्याची सुटका झाली. पण चमनलाल गोयल (१९९५) प्रकरणात साडेपाच वर्षांचा उशीर असूनही आरोप टिकले. न्यायालय तराजू धरते: आरोप किती गंभीर, उशीर कोणामुळे झाला, साक्षीदार किंवा कागद गेल्याने बचावाचे काय नुकसान झाले. तारखा तुम्हीच वाढवून घेतल्या असतील, तर तराजू कुठे झुकेल ते सांगायला वकील कशाला? बहुतेक वेळा हाती येतो तो आदेश असतो 'चौकशी अमुक महिन्यांत पूर्ण करा' एवढाच. तोही कमी नाही. धूळ खात पडलेली फाइल त्याने हलते.

नव्वद दिवसांचा मुद्दा बराचसा बरोबर आहे, अर्धवट सांगितला आहे इतकेच. अजयकुमार चौधरी निकाल (फेब्रुवारी २०१५) आणि राज्याचा ९ जुलै २०१९ चा शासन निर्णय यांचा अर्थ असा: तीन महिन्यांत दोषारोपपत्र बजावले नाही, तर निलंबन संपवावे लागते. बजावले असेल, तर आढावा घेऊन कारणांसह आदेश काढून ते पुढे चालवता येते. गंमत म्हणजे चौधरींना तोवर दोषारोपपत्र मिळाले होते, म्हणून हा नियम त्यांच्याच कामी आला नाही. आणि निलंबन उठले तरी चौकशी चालूच राहते.

थेट हायकोर्ट? तलाठी राज्य शासनाचा कर्मचारी, त्याची वाट आधी मॅटच्या, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या, नागपूर खंडपीठाकडे. ग्रामसेवक आणि झेडपीचा शिक्षक जिल्हा परिषदेचे. त्यांना मॅट नाही, आधी विभागीय आयुक्तांकडे अपील, मग हायकोर्ट. मॅटही साधारणपणे आधी विचारते, वरिष्ठांकडे लेखी दाद मागितली होती का? आदेशानंतर वर्षभराची मुदतही असते. आमच्याकडे लोक ओळखीच्या पुढाऱ्याकडे चकरा मारण्यात ती घालवतात.

पूर्ण पगार आणि व्याज ही तर निव्वळ हवा. निलंबनकाळ कसा धरायचा, हे चौकशीचा निकाल लागल्यावर सक्षम प्राधिकारी ठरवतो. हातचे सोडून पळत्याच्या मागे लागण्यापेक्षा निलंबनात मिळणाऱ्या निर्वाह भत्त्याकडे बघा. पहिले तीन महिने तो अर्धवेतनी रजेच्या पगाराएवढा. पुढे उशीर कर्मचाऱ्यामुळे नसेल, तर त्यात निम्म्यापर्यंत वाढ मिळू शकते. उशीर तुमच्यामुळे झाला असेल, तर तो निम्म्यापर्यंत कमीही होतो. वाढीचा अर्ज केलेला माणूस मला क्वचित भेटला.

त्या तलाठ्याला तिथेच अर्ज लिहायला बसवलं. निलंबनाची तारीख, दोषारोपपत्राची तारीख, चौकशी अधिकारी बदलले त्या तारखा, आणि तो स्वतः कधी कधी हजर होता. शेवटचा रकाना भरताना पेन थांबला. दोन तारखांना तो गेलाच नव्हता.