शिंग नव्हे, सुळाच. पण चिंता मात्र खरी : नारव्हालवरील एका प्रतिक्रियेला उत्तर

सप्रेम नमस्कार.

नारव्हाल या आर्क्टिक समुद्रातील, लांब सुळ्याच्या देवमाशावरील माझ्या लेखाखाली आपण लिहिलेली प्रतिक्रिया मी तीनदा वाचली. लेख न वाचताच शेरा मारून जाणाऱ्यांपैकी आपण नाही, हे पहिल्या दोन ओळींतच कळले. त्यामुळे नुसते आभार मानून मोकळे होणे मला बरे वाटले नाही. आपले आक्षेप थोडक्यात असे आहेत. शीर्षकात मी ‘शिंग’ म्हटले आणि मजकुरात ‘दात’, शिवाय त्या दाताने हा प्राणी बर्फ फोडतो असेही ठोकून दिले. आययूसीएन या आंतरराष्ट्रीय निसर्गसंवर्धन संघटनेच्या लाल यादीत तो ‘किमान चिंता’ या वर्गात असताना मी उगाच घबराट पसरवली. आर्क्टिकमधील मूळ रहिवासी असलेल्या इनुइट शिकाऱ्यांच्या क्रौर्यावर मी पांघरूण घातले. आणि ज्याने हा प्राणी कधी डोळ्यांनी पाहिला नाही, त्याने बडोद्यात बसून त्याच्यावर लिहावेच कशाला?

पहिला आक्षेप मला पूर्ण मान्य आहे. तो दातच आहे. नराच्या वरच्या जबड्यातील डाव्या बाजूचा सुळा ओठ भेदून बाहेर येतो आणि डावीकडे पीळ घेत वाढत राहतो. मोठ्या नरांत त्याची लांबी अडीच मीटरांच्याही पुढे जाते. उजवीकडचा दात सहसा हाडातच दडून राहतो, क्वचित एखाद्या नराला मात्र दोन्ही सुळे फुटतात. गंमत अशी की एवढा दात मिरवणाऱ्या या प्राण्याच्या तोंडात चावण्यासाठी एकही दात नसतो. मासा तोंडात ओढून घ्यायचा आणि अख्खा गिळायचा, अशी त्याची रीत. ‘शिंग’ हा शब्द युरोपातील जुन्या व्यापाऱ्यांचा. एकशिंगी घोड्याचे शिंग म्हणून ते हे सुळे अव्वाच्या सव्वा भावाने राजेरजवाड्यांना विकत. १६३८ मध्ये ओले वर्म या डॅनिश वैद्याने हे शिंग म्हणजे नारव्हालचा दात असल्याचे दाखवून दिले. त्या व्यापाऱ्यांची चूक मी जवळजवळ चारशे वर्षांनी पुन्हा केली, तीही शीर्षक जरा खमंग व्हावे म्हणून.

बर्फ फोडण्याचे विधान तर निव्वळ ऐकीव होते. या सुळ्याला आपल्या दातासारखे बाहेरून कठीण लुकण (एनॅमल) नसते. आतील दंतिनातल्या, म्हणजे दाताच्या मुख्य घटकातल्या, सूक्ष्म नलिका बाहेरच्या थरातून थेट समुद्राच्या पाण्यापर्यंत उघडतात आणि गाभ्यात नसा असतात. हिरडी मागे सरकलेल्या माणसाने बर्फाचा गोळा चावला की जी कळ थेट मस्तकात जाते, तिचे मूळ अशाच उघड्या पडलेल्या नलिकांत असते. मार्टिन न्वीया या अमेरिकी दंतवैद्याने आणि त्याच्या सहकाऱ्यांनी जिवंत नारव्हालच्या सुळ्याभोवती आलटून पालटून खारे व गोडे पाणी सोडून पाहिले, तेव्हा प्राण्याच्या हृदयाच्या ठोक्यांत फरक पडला. ते संशोधन २०१४ मध्ये प्रसिद्ध झाले. इतका हळवा अवयव कोणी पहारीसारखा बर्फावर आपटत असेल, हे मुळातच पटण्याजोगे नव्हते. अर्थात संवेदना हे सुळ्याचे मुख्य प्रयोजन आहे, असेही मी म्हणणार नाही. बहुसंख्य माद्यांना सुळा नसतो आणि त्यांचे काही अडत नाही. दीर्घायुष्य, खोल बुड्या, पिलांचे संगोपन, सारे त्या सुळ्यावाचूनच पार पाडतात. २०२० मध्ये २४५ प्रौढ नरांच्या मोजमापांवरून निघालेला निष्कर्ष मला अधिक सयुक्तिक वाटतो: शरीराच्या मानाने सुळा ज्या अवाजवी प्रमाणात वाढतो, त्यावरून तो मोराच्या पिसाऱ्याच्या जातीचा, म्हणजे इतर नरांना आणि माद्यांना आपली ऐपत दाखवण्याचा अवयव दिसतो.

आता दुसरा आक्षेप, जो मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. आपण दिलेली माहिती बरोबर आहे. २०१७ च्या मूल्यांकनात नारव्हालला ‘किमान चिंता’ या वर्गात ठेवले गेले आणि प्रौढ प्राण्यांची संख्या सुमारे १ लाख २३ हजार धरली गेली. त्याआधी, २००८ मध्ये, तो एक पायरी वर, ‘संकटसमीप’ वर्गात होता. मी हे लेखात लिहायला हवे होते. ते न लिहिल्यामुळे माझा लेख एकांगी झाला. परंतु ही बेरीज कशाची आहे, तेही पाहू या. नारव्हाल एका मोठ्या कळपात राहत नाहीत. तज्ज्ञ त्यांचे १२ गट मानतात आणि प्रत्येक गट दर उन्हाळ्यात आपल्या ठरलेल्या खाडीत परततो. पिलू आईबरोबर जी वाट शिकते, तीच पुढे चालवते. कॅनडाच्या बाजूचे काही गट भरभक्कम आहेत आणि एकूण आकडा मुख्यतः त्यांच्यामुळे फुगतो. याउलट आग्नेय ग्रीनलंडमधील गट इतके रोडावले आहेत, की उत्तर अटलांटिक सागरी सस्तन प्राणी आयोगाच्या वैज्ञानिकांनी तेथील शिकार पूर्ण थांबवण्याचा सल्ला दिला. तरीही तेथे कोटा दिला गेला. घरातल्या एका भावाच्या खात्यात लाखो रुपये आहेत म्हणून दुसऱ्याची उपासमार टळत नाही, आणि येथे तर एका भावाला दुसऱ्याच्या घरचा रस्ताही ठाऊक नाही.

आपल्या बडोद्याच्या विश्वामित्री नदीतील मगरी आठवून पाहा. शहराचे सांडपाणी नदीत येते, दोन्ही काठांनी इमारती उभ्या राहतात, २०२४ च्या पुरात मगरी वस्त्यांमध्ये शिरल्या, तरी त्या टिकून आहेत. मिळेल ते खातात आणि मिळेल त्या काठावर ऊन खात पडतात. नारव्हालजवळ ही तडजोडीची हिकमत नाही. हिवाळा त्यांचा मोठा भाग कॅनडा व ग्रीनलंड यांमधील बॅफिनच्या उपसागरात, बर्फातील अरुंद भेगांमधून श्वास घेत काढतो आणि तळाशी असलेल्या ग्रीनलंड हॅलिबट माशासाठी दीड हजार मीटरांपेक्षाही खोल बुड्या मारतो. वर्षभराच्या खाण्याचा मोठा वाटा त्या काही महिन्यांतच पोटात जातो. त्याचे स्नायू संथ, दीर्घ पोहण्यासाठी घडलेले आहेत. वेगाने पळणे हा त्याचा पिंड नाही. म्हणूनच बर्फ कमी झाल्यावर ऑर्का, म्हणजे शिकारी देवमासे, आत शिरतात, तेव्हा हे प्राणी किनाऱ्यालगतच्या उथळ पाण्याला चिकटून राहतात आणि खोल पाण्यातील नेहमीच्या जागा सोडून देतात.

या संदर्भात एक प्रयोग सविस्तर सांगण्याजोगा आहे, कारण माझे मत त्याने पक्के केले. जीवशास्त्रज्ञ टेरी विल्यम्स आणि सहकाऱ्यांनी पूर्व ग्रीनलंडच्या स्कोर्सबी साउंड या खाडीत जाळ्यात सापडलेल्या नारव्हालांच्या पाठीवर हृदयाचे ठोके व हालचाली टिपणारी उपकरणे बसवली आणि त्यांना सोडून दिले. घाबरलेला प्राणी एकतर जागच्या जागी थिजतो आणि त्याचे हृदय मंदावते, किंवा पळतो आणि हृदय धडधडू लागते. नारव्हालने दोन्ही एकाच वेळी केले. शेपटी जोरजोराने मारत तो खोल पळत होता आणि हृदय मात्र मिनिटाला तीन-चार ठोक्यांवर उतरले होते. तेवढ्याच कालावधीच्या नेहमीच्या बुडीत तो शरीरातील साठ्यापैकी सुमारे ५२ टक्के प्राणवायू वापरतो. अशा पळापळीत ९७ टक्के संपला. जिना धावत चढताना आपले हृदय जवळजवळ थांबले तर काय होईल, याची कल्पना करा. ऑर्का काही लाख वर्षांपासूनचा ओळखीचा शत्रू आहे. जहाजाचा आणि तेलशोधासाठी पाण्यात दाबलेल्या हवेचे स्फोट करणाऱ्या हवाई तोफांचा आवाज मात्र नवा. त्याच भागातील आणखी एका अभ्यासात असे दिसले की जहाज व तोफ १२ किलोमीटरवर असतानाच नारव्हाल भक्ष्य शोधताना काढतात ते ध्वनी निम्म्यावर आले आणि सात-आठ किलोमीटरवर ते बंदच पडले. मोजणीच्या दिवशी हा प्राणी जिवंत असतो, म्हणून तो आकड्यात येतो. त्या दिवशी तो उपाशी होता की नाही, हे आकडा सांगत नाही. मी घबराट पसरवली असे आपल्याला वाटले, तो दोष माझ्या भाषेचा. चिंता मात्र मी मागे घेणार नाही.

शिकारीबद्दल थोडक्यात लिहितो. आपण शुद्ध शाकाहारी आहात असे आपण लिहिले आहे आणि त्या भावनेचा मी आदर करतो. परंतु जेथे भाजीपाला पिकतच नाही, तेथे नारव्हालची कातडी व तिच्याखालची चरबी, म्हणजेच ‘मत्ताक’, हा पिढ्यान्पिढ्या क जीवनसत्त्वाचा आधार राहिला आहे. जखमी होऊन बुडणारे, हाती न लागणारे प्राणी ही या शिकारीची खरी वाईट बाजू आहे आणि ती मी लेखात टाळली, हे कबूल. तरीही २००८ च्या नोव्हेंबरमध्ये कॅनडातील पाँड इनलेटजवळ सहाशेंहून अधिक नारव्हाल बर्फात अडकले, भोवतीची फट आवळत गेली आणि ते गुदमरून मरणार हे स्पष्ट झाले, तेव्हा त्यांना मारून मांस वाटून घेणाऱ्या शिकाऱ्यांना क्रूर म्हणण्याची माझी तयारी नाही.

राहिला प्रश्न बडोद्याचा. कमाटीबागेतील संग्रहालयात निळ्या देवमाशाचा जो सत्तर फुटांहून लांब सांगाडा आहे, तो १९४४ च्या वादळात महीच्या मुखाशी वाहून आलेल्या प्राण्याचा. त्याच्या जबड्याच्या कडेने नजर फिरवली तर दाताची एकही खोबण सापडत नाही, आणि पुढच्या वल्ह्यात मात्र बोटांची हाडे आपल्या हातासारखी ओळीने मांडलेली दिसतात. एकाला दातच नाही आणि दुसऱ्याला जो आहे तो तोंडाबाहेर, हे कसे, या प्रश्नाने माझे वाचन सुरू झाले आणि लेख त्यातूनच निघाला. ज्याने सांगाडाच पाहिला आहे त्याने लिहू नये असा नियम केला, तर तो देवमासासुद्धा आपल्याला कोणी समजावून सांगायचा?

शीर्षकातील ‘शिंग’ काढून तेथे ‘सुळा’ केला आहे. लाल यादीतील वर्ग व आकडा मजकुरात घातला आहे. बर्फ फोडण्याचे वाक्य मात्र पुसले नाही, त्यावर आडवी रेघ मारून ठेवली आहे. आपण कशावर बोट ठेवले होते, ते नव्याने येणाऱ्या वाचकाला दिसावे म्हणून.