‘द कलर पर्पल’ आणि घरातल्या गोष्टी बाहेर सांगणाऱ्या बायका

‘द कलर पर्पल’ला कुणी नुसतं "रडका पिक्चर आहे" म्हटलं ना की डोकंच फिरतं माझं. मान्य आहे, स्पीलबर्गने जिथे तिथे म्युझिक चढवलंय (क्विन्सी जोन्सचं आहे, चांगलंच आहे, पण किती!), जांभळ्या फुलांची शेतं काय, सूर्यास्त काय, कॅलेंडरला लावावी अशी एकेक फ्रेम. पण खालची गोष्ट इतकी चिवट आहे की वरून कितीही साखर पेरा, ती गोड होत नाही.

ज्यांनी बघितला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. स्पॉयलर आहेत, पण पिक्चर 1985 चा आहे, आता काय लपवायचं. अमेरिकेतलं जॉर्जिया, विसाव्या शतकाची सुरुवात. सीली नावाची पोर, वयात येते न येते तोच जिला ती बाप समजते त्या माणसापासून दोन मुलं, आणि दोन्ही तिच्या हातातून काढून नेलेली. मग एका बिजवराशी लग्न लावून देतात, त्याला खरं तर हवी असते धाकटी बहीण नेटी. सीली त्याला 'मिस्टर' म्हणते, नुसतं मिस्टर, बायको असून. नेटी थोडे दिवस राहायला येते तेव्हा घरातल्या वस्तूंवर चिठ्ठ्या चिकटवून बहिणीला वाचायला शिकवते. मिस्टर तिच्या अंगचटीला जातो, ती दाद देत नाही, म्हणून तिला हाकलून देतो. आणि मग नेटीची येणारी पत्रं हा माणूस वर्षानुवर्षं लपवून ठेवतो, सीलीने पत्रपेटीला हात पण लावायचा नाही. मारहाण वगैरे आहेच, पण मला विचाराल तर सगळ्यात क्रूर गोष्ट ही पत्रांची.

आता मुद्द्यावर येते. हा पिक्चर आला तेव्हा अमेरिकेत त्याच्याविरुद्ध निदर्शनं झाली, आणि ती गोऱ्यांनी केली नव्हती. कृष्णवर्णीय समाजातल्याच बऱ्याच लोकांचं म्हणणं होतं की आमच्या पुरुषांना राक्षस दाखवलंय, आधीच गोरे लोक आम्हाला तसं समजतात, त्यात तुम्ही भर घालताय. मूळ कादंबरी लिहिणाऱ्या अ‍ॅलिस वॉकरनेही हेच ऐकून घेतलं, 1983 ला त्या कादंबरीसाठी पुलित्झर पुरस्कार मिळालेला असूनसुद्धा. म्हणजे थोडक्यात काय, घरचं उणंदुणं चव्हाट्यावर आणू नका बाई.

ही भीती अगदीच खोटी होती असं मी म्हणणार नाही. ज्या समाजावर बाहेरून एवढा अन्याय झालाय त्याला वाटणारच की आपल्याच माणसाने आपल्याविरुद्ध साक्ष देऊ नये. पण मग सीलीने सांगायचं कुणाला? पुस्तकात तर ती देवाला पत्रं लिहिते, कारण ऐकणारं दुसरं कुणी नाहीच. आणि हे वाचताना मला दलित लेखिका बेबीताई कांबळे आठवल्याशिवाय राहत नाहीत. ‘जिणं आमुचं’ हे आत्मकथन लिहिताना त्यांनी वह्या नवऱ्यापासून लपवून ठेवल्या होत्या, त्यांनी स्वतःच सांगितलंय. जातीचा जाच तर लिहिलाच, पण घरातल्या बाईने काय सोसलं तेही लिहिलं, एक सांगताना दुसरं झाकलं नाही. वॉकरनेही नेमकं हेच केलंय आणि दोघींपैकी कुणीही समाजाचं वाकडं केलं असं मला तरी वाटत नाही.

बरं, पिक्चर फक्त घरातल्या पुरुषांवर ठपका ठेवतो हेही खरं नाही. मिस्टरची सून सोफिया बघा. ऑप्रा विनफ्रे, पहिलाच सिनेमा तिचा, आणि काय उभी राहिलीय! मेयरची गोरी बायको कौतुकाने विचारते, माझ्याकडे मोलकरीण म्हणून येशील का, सोफिया तोंडावर नाही म्हणते, मेयर थोबाडीत मारतो, ती उलट ठेवून देते. संपलं. जेलमध्ये वर्षं जातात, एक डोळा अधू होतो आणि बाहेर आल्यावर त्याच बाईच्या घरी राबावं लागतं. एका ख्रिसमसला ती बाई मोठ्या मनाने तिला मुलांकडे सोडायला येते, आता अख्खा दिवस घालव म्हणते, आणि मग हिला गाडी मागे घेता येत नाही, मदतीला धावलेल्या माणसांनाच घाबरून किंचाळते आणि सोफियाला तसंच परत घेऊन जाते. मुलांकडे नीट बघून पण झालेलं नसतं. त्या बाईला आपण काही वाईट केलं असं वाटतसुद्धा नाही, तिच्या मते ती दयाळूच आहे!!

आणि अजून एक सीन ज्याबद्दल फारसं कुणी बोलत नाही. मिस्टरचा मुलगा हार्पो सीलीला विचारतो की सोफिया ऐकत नाही, काय करू, आणि सीली सांगते, मार तिला. सीली! जी रोज मार खाते ती. मग सुजलेल्या तोंडाने मक्याच्या शेतातून ताडताड चालत येणारी सोफिया आणि तिला बघून सीलीचा पडलेला चेहरा. "मी सोसलं, तू पण सोस" हे किती आत मुरलेलं असतं, आणि त्यासाठी एकही भाषण नाही.

सीली झालेल्या व्हूपी गोल्डबर्गबद्दल काय लिहू. अर्ध्या पिक्चरभर ती हसताना तोंडावर हात धरते, कारण हसणं कुरूप आहे असं तिच्या मनावर बिंबवलेलं असतं. तो हात शग, म्हणजे मिस्टरची गायिका प्रेयसी, हळूच बाजूला करते. पत्रं सापडल्यावर मिस्टरची दाढी करायला वस्तरा परजत बसलेली सीली, आणि पुढे जेवणाच्या टेबलावर सगळ्यांसमोर त्याला शिव्याशाप देऊन उठणारी सीली, एकच बाई आहे हे पटतं. तिथेच इतका वेळ गप्प बसलेली सोफिया अचानक हसायला लागते, मला तर तो भाग सीलीच्या डायलॉगपेक्षाही आवडतो.

तक्रारी आहेतच. शग आणि सीलीमधलं प्रेम पुस्तकात सरळ प्रेम आहे, शरीरासकट. इथे एका चुंबनात आटोपलंय. स्पीलबर्गने नंतर कबूल केलं की तो तिथे कचरला. आणि ऑस्करला 11 नामांकनं, त्यातलं स्वतः स्पीलबर्गला दिग्दर्शनाचं नाहीच, आणि हातात शून्य. एकही नाही! त्यावर मी बोलायला लागले तर वेगळी पोस्ट होईल.

शेवटाबद्दल मात्र मित्रमंडळींशी वाद आहे. शेवटी मिस्टर नेटीला परत आणायची व्यवस्था करतो आणि लांब घोड्याजवळ उभा राहून बहिणींची भेट बघतो. काहींना वाटतं फार स्वस्तात सुटला. पुस्तकात तर तो सीलीबरोबर बसून शिवणकाम करतो, ते जास्त अवघड आहे आणि मला जास्त खरं वाटतं, कारण तिथे त्याला रोज तिच्यासमोर बसावं लागतं. पण पिक्चरपुरतं म्हणाल तर त्याला त्या मिठीत घेतलं नाही हे बरंच केलं. एक चांगलं काम केलं म्हणून लगेच घरात?

2023 चा म्युझिकल पण आहे, डॅनिएल ब्रुक्सची सोफिया झकास आहे त्यात. पण आधी 85 चा बघा. आणि ज्यांना मिस्टरची कीव येते त्यांनी कमेंटमध्ये या, आज वेळ आहे मला.